टॅली

सुनेनं बुक केलं होतं. माणशी नऊशे,
चहा आणि पाण्याची बाटली धरून.
सकाळी साडेसात, यलो गेट.
चौदा जण धावायच्या बुटांत
आणि मी चपलेत,
एकतीस वर्षं ज्या गेटातून पास दाखवून आत गेलो
त्याच्या बाहेर उभा,
आत काय झालं होतं ते ऐकायला.

गाईड माथारपाकाडीची, ग्रेटा कुटिन्हो,
गळ्यात छोटा स्पीकर.
"चौदा एप्रिल एकोणीसशे चव्वेचाळीस. वार शुक्रवार."
वार तिला माहीत होता, ते आवडलं.
बाबा कधी स्फोट म्हणाले नाहीत, युद्ध तर नाहीच.
"त्या शुक्रवारी" म्हणायचे,
कुठल्या, ते समोरच्यानं समजून घ्यायचं.

जहाजाच्या पोटात दारूगोळा, कापूस,
आणि एकतीस पेट्या सोनं.
सोनं म्हटल्याबरोबर सगळे फोन वर झाले.
विटा कुठवर उडाल्या ते तिनं हातवारे करून सांगितलं.
"अजून सापडतात का?" एकानं विचारलं.
कापूस एका वाक्यात आटपला.

बाबा त्या कापसाच्या गाठी उतरवायला होते.
जेवणानंतर दाढ धरून बसले.
मुकादम कावला : जा, उपटून ये,
नाहीतर तोंड दाखवू नकोस.
नळबाजारात एका चिनी दातवाल्यानं
दहा आण्यांत दाढ काढली, खड्ड्यात बोळा कोंबला,
बोटांनी दाखवलं, तासभर तोंड उघडायचं नाही.
तोंड मिटून परत येताना रस्त्यात पहिला धडाका.
चौतीस मिनिटांनी दुसरा.
मधल्या चौतीस मिनिटांचं
ते कधीच काही बोलले नाहीत.
एवढंच, की बोळा थुंकला तेव्हा
वरून पडत होता तोही कापूसच होता,
पेटलेला.

आमच्या घरात उशा चिंध्यांच्या.
गल्लीत पिंजाऱ्याची तार वाजली
की बाबा उठून दार लावायचे, मे महिन्यातसुद्धा.
आम्हाला वाटायचं, आवाज सोसत नाही.
मला नोकरी लागल्यावर म्हटलं, दात बसवून घेऊ.
"राहू दे," म्हणाले. "ती जागा टोळीची आहे."

मग मिनी बसनं भायखळ्याला, फायर ब्रिगेड.
बंबवाल्यांच्या स्मारकापुढे सगळे गप्प झाले, बरं वाटलं.
मी नावं वाचली, एकेक, खालपासून वर.
सवय. टॅली क्लार्क होतो,
आलेला माल आणि कागदावरचा माल जुळेपर्यंत
सही करायची नाही.

"हमालांची यादी कुठे आहे?"
ग्रेटानं आधी स्पीकर बंद केला.
"मला नाही सापडली, काका. मी शोधली.
माझ्या आजीचा भाऊ क्रेनवर होता.
बारा वर्षांचा पगार मांडलेलं रजिस्टर आहे त्याचं,
त्या तारखेला नुसती रेघ."
तिनं स्पीकर परत लावला
आणि सगळ्यांना चहाकडे चला म्हणाली.

जाताना प्रत्येकाला एक सोन्याची वीट :
चॉकलेट, वर चकचकीत कागद.
उन्हानं माझी खिशातच मऊ झाली.

शेवटी फॉर्म. पाच तारे, रंगवायचे.
मी चार रंगवले, चहा पाणचट होता.
खाली 'आपल्या सूचना'. लिहिलं :
सोन्याच्या पेट्या सांगता, तशा कापसाच्या गाठीही
आकड्यात सांगाव्यात.
एका टोळीत माणसं अकरा होती.
त्यातला एक दाढ काढायला गेला होता.
बाकी दहा. मला माहीत असलेली नावं :
धोंडू सपकाळ, मुकादम.
रखमाजी चोरगे.
रखमाजीचा मेहुणा, ओतूरचा.
इमाम, आडनाव बाबांनाही ठाऊक नव्हतं.